विरोधाभासावर चालणारी पेटी: वीज आपली, देणं कुणाचं?

आरसेमहाल
एका दीर्घ विज्ञानकथेचं बांधकाम सुरू आहे आणि तिच्यातल्या मुख्य यंत्राबद्दल इथल्या जाणकारांशी बोलायचंय. कथेतली वीज कोळशातून, पाण्यातून किंवा अणूतून येत नाही, विरोधाभासातून येते. 'हे विधान खोटं आहे' या जातीची एक गाठ. तिचं एक टोक आपल्या विश्वात, दुसरं आरशापलीकडच्या विश्वात. कथेतले लोक या यंत्राला जोडपेटी म्हणतात.

अशा कथा वाचताना माझा हिरमोड ठरावीक जागी होतो. यंत्र चालतं कसं, हे सांगायची वेळ आली की लेखक धुकं सोडतो. दोन-चार भारदस्त शब्द, एक निळा झोत, की लागलं पुढचं प्रकरण. मला ते नकोय. कल्पित गोष्ट एकच असावी, पलीकडे जाणारी वाट. बाकीचे नियम आपलेच, आणि कडक.

विरोधाभासावर हलणारी यंत्रं आपल्याकडे आहेतच. जुन्या पद्धतीची विजेची घंटा उघडून पाहा. विद्युतचुंबकासमोर लोखंडाची पट्टी, पट्टीच्या टोकाला टोला, पाठीला टेकलेला एक स्क्रू. प्रवाह त्या स्क्रूमधूनच पट्टीत येतो. बटण दाबलं की चुंबक पट्टीला ओढतो, टोला वाटीवर बसतो. पण पट्टी पुढे सरकली म्हणजे स्क्रूपासून सुटली. सुटताना बारीक ठिणगी उडते, प्रवाह तुटतो, चुंबकाचा जोर जातो. स्प्रिंग पट्टीला मागे आणते, स्क्रू पुन्हा टेकतो, पुन्हा ओढ. जोडलं असेल तर तुटणार, तुटलं असेल तर जोडणार. कागदावर हीच गाठ घातली तर तर्कशास्त्र अडकून पडतं. घंटा अडकत नाही, कारण तिच्याजवळ काळ आहे. 'खरं' आणि 'खोटं' तिला एकाच क्षणी सांभाळावं लागत नाही, ती पाळीपाळीनं दोन्ही होते.

चिपमध्येही हेच. तीन नॉट गेट ('हो' दिलं की 'नाही' देणारे, आणि उलट) एकापुढे एक जोडून शेवटच्याचं आउटपुट पहिल्याला परत दिलं की स्थिर उत्तर उरतच नाही आणि सर्किट आपोआप स्पंदत राहतं. त्याला रिंग ऑसिलेटर म्हणतात.

पण घंटा असो की चिप, ऊर्जा बॅटरीचीच. विरोधाभास ताल देतो, ताकद देत नाही. मग ताकद कुठून आणायची?

माझं उत्तर आहे माहितीतून. १८६७ मध्ये मॅक्सवेलनं एक चिमुकला द्वारपाल कल्पिला होता. वेगवान रेणू एकीकडे आणि संथ रेणू दुसरीकडे सोडणारा. १९२९ मध्ये लिओ झिलार्डनं त्याचं सुटसुटीत रूप मांडलं. डब्यात एकच रेणू, मधोमध सरकता पडदा. रेणू डावीकडे आहे की उजवीकडे हे कळलं, की पडद्याला योग्य बाजूनं वजन लावायचं. रेणू पडदा ढकलतो, वजन उचललं जातं, आणि ती ऊर्जा डब्याच्या भोवतालच्या उष्णतेतून येते. एका 'हो-नाही'च्या बदल्यात थोडंसं काम. हे फुकट का नाही, ते पुढे स्पष्ट झालं. १९६१ मध्ये रॉल्फ लॅंडावरनं दाखवलं की नोंद पुसायला किमान ऊर्जा लागते, आणि १९८२ मध्ये चार्ल्स बेनेटनं हिशोब जुळवला. द्वारपालाची वही भरते. ती कोरी करताना मिळवलेलं सगळं परत जातं.

माझी जोडपेटी इथे बसते. डबा आपल्याकडे, वही आरशापलीकडे. रेणू कुठे आहे हे पलीकडची बाजू 'जाणते', आपण काम काढून घेतो, आणि वही पुसायचं देणं तिकडे पडतं. माझा प्रश्न असा की आरसा म्हटला म्हणजे तेही आपल्यावर हेच करत असणार. त्यांच्या वह्या आपल्याकडे. मग पेटी चालते का?

उष्मागतिक
नाही चालत. दोन्ही बाजू तंतोतंत सारख्या असतील तर निव्वळ मिळकत शून्य. तुम्ही जितकं ढकलाल तितकंच तुमच्या दारात येऊन पडणार.

आधी आकडे, कारण कथेत ते लागतील. नेहमीच्या तापमानाला, म्हणजे ३०० केल्विनला, एका बिटमधून, म्हणजे एका 'हो-नाही'मधून, जास्तीत जास्त मिळणारी ऊर्जा (आणि ती पुसायचा किमान खर्च) २.८७ गुणिले १० चा उणे एकविसावा घात ज्यूल इतकी. १ वॅट हवा असेल तर सेकंदाला साधारण ३५ वर १९ शून्यं इतके बिट. विजेचं १ युनिट म्हणजे ३६ लाख ज्यूल. त्यासाठी सव्वा गुणिले १० चा सत्ताविसावा घात इतके बिट पलीकडे साठणार. तुमची 'वही' केवढी होते ते बघा.

दुसरं असं की अखंड फिरणाऱ्या चाकाची हौस फार जुनी आहे. ब्रह्मगुप्तानं सातव्या शतकात आणि भास्कराचार्यांनी बाराव्या शतकात आऱ्यांमध्ये पारा भरलेल्या चाकाचं वर्णन केलंय. पारा एका बाजूला कलत राहील आणि चाक फिरत राहील, अशी कल्पना. एक फेरा पूर्ण झाला की सगळं मूळ जागी येतं आणि बेरीज शून्य होते. तुमची पेटी याच गोत्रातली आहे. सममितीतून काम निघत नाही. उष्णतेच्या इंजिनांबद्दल कार्नोनं १८२४ मध्ये सांगितलेलं आजही लागू आहे. काम हवं असेल तर फरक हवा, एक बाजू गरम आणि एक थंड. तुमच्या दोन विश्वांत फरक कसला आहे, तेवढं ठरवा.

सूक्ष्मकण
फरक आहे, आणि तो कल्पनेतून आणायची गरज नाही.

निसर्ग डावं-उजवं ओळखतो. १९५६ मध्ये ली आणि यांग या भौतिकशास्त्रज्ञांनी शंका काढली की क्षीण आंतरक्रियेत (काही किरणोत्सारामागचं बल) आरशातली सममिती टिकते याचा पुरावाच नाही. च्यन-शियुंग वू यांनी ती तपासली. कोबाल्ट-६० चे अणू निरपेक्ष शून्याच्या अगदी जवळ, एका केल्विनच्या सुमारे शंभराव्या भागापर्यंत थंड करून त्यांची केंद्रकं चुंबकीय क्षेत्रात एका दिशेला लावली आणि बाहेर पडणारे इलेक्ट्रॉन कुठे जातात ते मोजलं. सममिती असती तर दोन्हीकडे सारखे गेले असते. केंद्रकाच्या फिरकीच्या उलट बाजूला जास्त गेले. १९५७ चं नोबेल ली आणि यांग यांना मिळालं, वू यांना नाही. मला ते आजही खटकतं.

पण आरसेमहाल, इथेच थांबू नका. ली-यांग यांनीच त्या लेखात एक पळवाट सुचवली होती. आपल्या प्रत्येक कणाला उलट्या हाताचा एक जोडीदार असेल तर एकंदर निसर्ग पुन्हा सममित होतो. पुढे १९६६ मध्ये सोव्हिएत भौतिकशास्त्रज्ञांनी ही कल्पना वाढवली आणि 'आरसा-द्रव्य' हा विषय उभा राहिला. आपल्याच जागेत, पण आपल्याशी मुख्यतः गुरुत्वाकर्षणातूनच बोलणारं द्रव्य. त्याचे अणू, त्याचा प्रकाश, सगळं वेगळं. आपल्याला तो प्रकाश दिसणारच नाही.

आता तुमच्या कामाची गोष्ट. असं द्रव्य खरंच असेल तर ती बाजू आपल्यापेक्षा थंड असावी लागते. सुरुवातीच्या विश्वात ती तितकीच गरम असती तर विश्व जास्त वेगानं प्रसरण पावलं असतं आणि हेलियमचं प्रमाण आज दिसतं त्याहून वेगळं झालं असतं. म्हणजे नियम सारखे, तापमान वेगळं. उष्मागतिक मागतायत तो फरक हाच.

उष्मागतिक
हे मात्र सुंदर जमतंय. हिशोब करून बघतो. आपलं तापमान 'ट', पलीकडचं 'थ'. एका बिटमागे आपण कमावतो ते 'ट'च्या प्रमाणात, आणि पलीकडे ती नोंद पुसायचा खर्च 'थ'च्या प्रमाणात. गुणक दोन्हीकडे एकच. निव्वळ नफा ट वजा थ. कमाईशी त्याचं गुणोत्तर काढलं तर १ वजा थ भागिले ट. ही उष्णतेच्या इंजिनासाठी कार्नोनं घातलेली कमाल कार्यक्षमता आहे, अक्षरशः!

म्हणजे जोडपेटी हे उष्णतेचं इंजिन आहे. तिची गरम बाजू आपलं विश्व, थंड बाजू आरशापलीकडचं. फक्त बाष्पाऐवजी माहितीची ने-आण होते. नियम एकही मोडलेला नाही.

कुतूहल
मधेच विचारते. निर्वात पोकळीत आरसा हलवला तर प्रकाश निघतो असं वाचलं होतं. आरशातून ऊर्जा म्हणतात ती हीच का?

सूक्ष्मकण
ते प्रयोगात झालंय. २०११ मध्ये स्वीडनमधल्या चाल्मर्स विद्यापीठात. खरा आरसा तेवढ्या वेगानं हलवणं अशक्य, म्हणून अतिवाहक सर्किटमध्ये आरशासारखं वागणारं टोक चुंबकीय क्षेत्रानं हलवलं, प्रकाशाच्या वेगाच्या काही टक्के इतक्या परिणामी वेगानं. पोकळीतून फोटॉन जोडीजोडीनं निघाले. पण त्यांची ऊर्जा आरसा हलवणाऱ्यानं दिलेली असते. पोकळी स्वतःच्या खिशातून काही देत नाही.

तर्कवेल
सगळं वाचतेय आणि एक गोष्ट टोचतेय. यात विरोधाभास कुठे उरला? शीर्षकात तो आहे, यंत्रात मला दिसत नाही. उष्णतेचं इंजिनच करायचं असेल तर खोटारड्याच्या विधानाची काय गरज?

आणि ती गाठ खरंच मोलाची आहे, तिला शोभेपुरती ठेवू नका. 'मी बोलतो ते सगळं खोटं' या वाक्याचा विचार भर्तृहरीनं वाक्यपदीयात केलाय. त्याचा रोख असा की बोलणाऱ्याला आपलं बोलणं त्यात धरायचं नसतं, नाहीतर सांगायचं तेच सांगता येणार नाही. म्हणजे गाठ टाळायची वाट त्यानं बोलणाऱ्याच्या हेतूत शोधली. रसेलनं १९०१ मध्ये संचांच्या सिद्धांतात अशीच गाठ शोधून काढली आणि पुढच्या वर्षी, गणित तर्कावर उभारू पाहणाऱ्या फ्रेगेला पत्र लिहिलं, तेव्हा फ्रेगेचा दुसरा खंड छपाईत होता. एका पत्रानं त्याच्या आयुष्यभराच्या कामाचा पाया हलला. एवढ्या ताकदीची गोष्ट तुमच्या पेटीत नुसती टिकटिक करतेय.

आरसेमहाल
तर्कवेल, हाच प्रश्न मला हवा होता. माझ्याकडे एक वाट आहे, ती तपासा.

१९९१ मध्ये डेव्हिड डॉइचनं काळात मागे वळणाऱ्या मार्गांचा विचार क्वांटम नियमांनी केला. आजोबांना मारायला मागे गेलेला नातू म्हणजे भौतिकात उतरवलेलं खोटारड्याचं विधान. असेल तर नसेल, नसेल तर असेल. डॉइचची अट एवढीच की फेरा मारून आलेली अवस्था सुरुवातीच्या अवस्थेशी जुळली पाहिजे. 'खरं' घेतलं तर जुळत नाही, 'खोटं' घेतलं तरी नाही. जुळतं ते फक्त अर्धं-अर्धं मिश्रण. निसर्ग गाठ सोडवतो ती नाणं उडवून.

पण असं निखळ अर्धं-अर्धं मिश्रण म्हणजे एक पूर्ण बिट अज्ञान. आणि अज्ञानातून झिलार्डच्या डब्याला काहीच मिळत नाही. गाठ नुसती आपल्याकडे असेल तर ती कचराच तयार करते.

म्हणून ती दोन्हीकडे पसरलेली. आपल्याकडे अर्धं-अर्धं, पलीकडे अर्धं-अर्धं, पण कायम एकमेकांच्या उलट. इथे 'खरं' पडलं की तिथे 'खोटं'. एकट्या बाजूनं पाहाल तर शुद्ध यदृच्छा. दोन्ही बाजू मिळून पाहाल तर पूर्ण शिस्त. त्या शिस्तीची किंमत बरोबर एक बिट, आणि तेच इंधन. विरोधाभास ऊर्जा देत नाही, तो जोडी देतो. जोडी आहे म्हणून रेणू कुठे आहे ते पलीकडे नोंदलं जातं.

तर्कवेल
हे पटलं. आता गाठ काढून टाकली तर यंत्र बंद पडेल. म्हणजे ती यंत्राचाच भाग झाली.

नवलकथा
मी विज्ञानातला नाही, कथेचा वाचक आहे. पलीकडे माणसं आहेत का? आपलीच प्रतिबिंबं? हृदय उजवीकडे असलेली? ती इकडे आली तर?

सूक्ष्मकण
येता येणार नाही, आणि कथेत आणूही नका. लोक दोन वेगळे 'आरसे' एकत्र करतात. एक रेणूंचा. आपली प्रथिनं डाव्या हाताच्या अमिनो आम्लांची, डीएनएतली साखर उजव्या हाताची. उलट हाताचे रेणू आपल्याच द्रव्याचे असतात आणि प्रयोगशाळेत करता येतात. कार्व्होन या सुगंधी रेणूचा एक हात पुदिन्यासारखा वास देतो, दुसरा शहाजिऱ्यासारखा. अख्खा जीवाणूच उलट्या हाताचा बनवायचा विचार मात्र धोक्याचा आहे. डिसेंबर २०२४ मध्ये ३८ शास्त्रज्ञांनी सायन्स नियतकालिकात तसा जाहीर इशारा दिला, कारण आपली प्रतिकारशक्ती त्याला ओळखेलच असं नाही.

दुसरा आरसा इथला, आरसा-द्रव्याचा. तिथला माणूस तुमच्यासमोर उभा राहिला तरी दिसणार नाही, हाताला लागणार नाही. न्यूट्रॉन अधूनमधून तिकडे जातात का, हे लोक खरोखर तपासतायत, कारण न्यूट्रॉनचं आयुष्य बाटलीत कोंडून मोजलं तर सुमारे ८७८ सेकंद येतं आणि झोतात मोजलं तर सुमारे ८८८. अमेरिकेतल्या ओक रिज प्रयोगशाळेतल्या प्रयोगाला २०२२ मध्ये आरशातल्या न्यूट्रॉनची खूण मिळाली नाही. वाट असलीच तर फार अरुंद. तुमच्या कथेतून फक्त माहिती जाऊ द्या.

उष्मागतिक
नवलकथा यांच्या प्रश्नातला 'माणसं आहेत का' हा भाग मला सर्वात महत्त्वाचा वाटतो. माझ्या हिशोबात ट वजा थ हा नफा तेव्हाच, जेव्हा वही पुसायची ऊर्जा आपण पाठवतो. नाही पाठवली तर?

सोयीसाठी धरा, पलीकडचं तापमान आपल्या निम्मं. प्रामाणिक पेटी १ युनिट वीज देताना आपल्या भोवतालातून २ युनिट उष्णता उचलते. एक आपल्याला, एक पलीकडे वही पुसायला. चोर पेटी एकच युनिट उचलते आणि ते सगळं आपल्याला देते. पुसायचं काम तिकडच्यांवर.

आता पुढचं बघा. आपण वापरलेली वीज शेवटी उष्णता होऊन भोवतालात परत येते. म्हणजे चोर पेटी वापरणाऱ्या विश्वाचं काहीच कमी होत नाही! उष्णता उचलली, वापरली, परत आली. इकडून पाहणाऱ्याला ती भास्कराचार्यांच्या चाकासारखीच वाटेल, फक्त खरोखर चालणारी. प्रामाणिक पेटीचं विश्व मात्र दर युनिटमागे एक युनिट गार होत जाईल. सचोटीचा फटका दिसतो, चोरीचा दिसत नाही.

नवलकथा
अंगावर काटा आला. आणि त्यांनी उलट आपल्यावर चोर पेटी लावली तर?

उष्मागतिक
त्यांचा डबा थंड, म्हणून त्यांना एका बिटमागे निम्मंच मिळेल. आपल्याला मात्र त्यांची वही आपल्या तापमानाला पुसावी लागेल. ते १ युनिट काढतील, आपले २ जातील. आपण चोरतो तेव्हा आपल्या १ युनिटमागे त्यांचं अर्धं जातं. सूड त्यांना परवडेल, आपल्याला नाही.

तर्कवेल
आणि दोघांनीही चोरी धरली तर? प्रत्येकाचं यंत्र दुसऱ्यानं देणं भरलं तरच चालू, आणि दोघंही भरत नाहीत. पहिल्या पोस्टमधली गाठ पुन्हा पडली, या वेळी दोन समाजांच्या मध्ये.

आरसेमहाल
कथा इथेच आहे. माझ्या आराखड्यात पलीकडचं जग नुसतं गूढ होतं, आता ते देणेकरी आणि घेणेकरी दोन्ही आहे. माझी बाजू मी आत्ताच सांगते. या कथेत 'फुकट ऊर्जा' असा शब्द फक्त चोराच्या तोंडी येईल.

एक व्यावहारिक अडचण उरते. मीटर वीज मोजतो, दोन्ही पेट्यांतून वीज सारखीच येते. मग तपासनीसाला चोर पेटी ओळखू कशी येईल? पलीकडे पाहायला त्याच्याकडे काही नाही.

उष्मागतिक
भोवताल मोजायचा. १ युनिट उष्णता काढली तर सुमारे ८६० लिटर पाणी १ अंशानं गार होतं. पेटी पाण्याच्या टाकीत बसवलेली ठेवा. चोर पेटीची टाकी युनिटमागे तेवढीच गार होईल, प्रामाणिक पेटीची दुप्पट. तपासनीसाला मीटरचा आकडा आणि टाकीतला तापमापक, एवढं पुरे.

कुतूहल
पण चोरानं टाकीत बर्फ आणून टाकला तर?

उष्मागतिक
टाकेलच. म्हणून पेटीचे जाड तांब्याचे पंखे, म्हणजे पाण्यात बाहेर आलेली पाती, तपासायचे. उष्णता तिथून आत जाते. प्रामाणिक पेटीच्या पंख्यांवर बर्फाचा थर भिंगाखाली आतून बाहेर वाढलेला दिसेल, धातूला घट्ट धरलेला. वरून टाकलेला बर्फ धातूला असा धरत नाही, बोटानं सरकतो. शिवाय बाहेरून बर्फ टाकला की पाण्याची पातळी वाढते आणि तो वितळला तरी वाढलेलीच राहते, ती खूण लपवणं आणखी कठीण.

आरसेमहाल
तपासनीस बाईच करते, तिच्या खिशात भिंग आणि पट्टी. पहिलं प्रकरण टाकीच्या खोलीत. ती पातळी मोजते, पंख्यावर बोट फिरवते, आणि मालक म्हणतो की पेटी पूर्णपणे कायदेशीर आहे, कारण पलीकडच्यांनी आजवर एकदाही तक्रार केलेली नाही. प्रकरण लिहून झालं की याच धाग्यावर टाकते. सूक्ष्मकण, पलीकडून तक्रार येऊ शकेल असा एखादा मार्ग सुचला तर नक्की लिहा. गुरुत्वाकर्षण सोडून.

सूक्ष्मकण
मार्ग तुमच्या गाठीतच आहे. एका बाजूनं पाहिलं तर ती शुद्ध यदृच्छा दिसते, असं तुम्हीच लिहिलंय. वही काठोकाठ भरली की पलीकडे नवी नोंद मावणार नाही, जोड्या तुटायला लागतील, आणि पेटी चुकीच्या बाजूला वजन लावायला लागेल. वीज दर काही क्षणांनी उलटी ओढेल. तुमच्या तपासनीस बाईंच्या मीटरचा काटा थरथरायला लागला, तर ती तक्रार समजा.